उकंडाजी, नवव्या प्रकरणाबद्दल

उकंडाजी,

तुम्ही गेलात ही बातमी मलकापूरच्या स्टेशनाबाहेर आली तेव्हा कोणी ती खरी मानली नाही. तांगेवाले हसले. एक जण म्हणाला, "उकंडा मेला? मंग तोच उद्या येऊन सांगन, यमाचे रेडे दमनीले कसे जुपले ते." दुसऱ्याने टाळीसाठी हात पुढे केला. शाळेच्या पुस्तकांचं पार्सल सोडवायला मी तिथेच आलो होतो, आणि कबूल करतो, घटकाभर मलाही वाटलं की ही तुमचीच कुठली तरी नवी थाप असणार. निरोप आणणारा तुमचा शेजारी होता. तो हसला नाही. डोक्याचा पटका काढून मांडीवर ठेवून तो ओट्यावर बसून राहिला, तेव्हा कुठे सगळे गप्प झाले.

तुमचा जन्म कुठला, बाप काय करायचा, दमणी हाकायला कधी लागलात, हे इथे लिहीत नाही. ते सगळं मी तुमच्या चरित्राच्या पुस्तकात लिहून ठेवलं आहे आणि निम्म्या वऱ्हाडाने ते वाचलं आहे. मला तुम्हाला दोनच गोष्टी सांगायच्या आहेत. एक माझी स्वतःची. त्या पुस्तकाच्या नवव्या प्रकरणाबद्दल तुमची क्षमा मागायची होती. अकरा महिने मी ती आज मागू, उद्या मागू म्हणत राहिलो आणि तुम्ही निघून गेलात. दुसरी गोष्ट यमुनाबाईंची आहे. तुमच्या बायकोने तुम्हाला निरोप दिला आहे. तो पोचवायचं काम त्यांनी माझ्या गळ्यात घातलं आहे, आणि नाही म्हणायला मला तोंड नव्हतं.

पहिल्या दिवसापासून सांगतो, म्हणजे मला धीर येईल.

मी मलकापूरच्या शाळेत नवा मास्तर होतो. थोरली बहीण बुलढाण्याला दिलेली, तिच्याकडे निघालो होतो. तेव्हा मोटार नव्हती. घाटावर जायचं म्हणजे बैलांची छपराची दमणी करायची आणि अख्खा दिवस हाडं खिळखिळी करून घ्यायची. स्टेशनाबाहेर चार दमण्या उभ्या होत्या. तुमचे बैल न्हाऊ घातलेले दिसले म्हणून मी तुमच्याकडे वळलो, तर बाकीचे तिघे एकमेकांना कोपरं मारायला लागले. "मास्तर, कान घरी ठेवून आले असते तं बरं झालं असतं," एक जण म्हणाला. गाव मागे पडताच तुम्ही विचारलंत, "हुंकारा देता येते ना?"

गोष्ट सांगणाऱ्याला ऐकणाऱ्याने मधूनमधून 'हूं' म्हणायचं, हा रिवाज आमच्याही घरी होता. पण हुंकार चुकला की तुम्ही बैल थांबवता, हे मला कोणी सांगितलं नव्हतं. मोताळ्याच्या अलीकडे मला डुलकी लागली. जागा झालो तर दमणी भर रस्त्यात उभी, आणि तुम्ही समोर पाहत बसलेले. मान न वळवता म्हणालात, "हूं म्हना मास्तर. हूं नाई तं गाडी नाई."

मी हे पुस्तकात मोठ्या चवीने लिहिलं. 'चरित्रनायकाचा विक्षिप्तपणा' असा मथळा दिला. तो मथळा छापून आला तेव्हा मला फार आवडला होता. आज तो वाचवत नाही.

त्या दिवशी तुम्ही मला पाखऱ्याची गोष्ट सांगितलीत. तुमच्या जोडीतला डावा बैल पाखऱ्या, उजवा हौशा.

"लोनारच्या तळ्यात पाखऱ्यानं तोंड घातलं, मास्तर. लय खारं पानी. म्या म्हनलं पिऊ नोको बे, पन बैलच तो. घाटाले लागलो तं त्याले घाम सुटला. पाह्यतो तं पाठीवर सारं पांढरं. मीठ! असं मीठ तुमी जलमात खाल्लं नसन."

"हूं."

"चार गावच्या बाया मांगं लागल्या. कोनी वाटी घेऊन, कोनी परात. तेवढ्यात मिठाच्या खात्याचा साहेब आला. म्हने, बिगर परवान्याचं मीठ काढते हा बैल. जप्ती करा!"

"मग?"

"मंग नाई. हूं म्हना."

"हूं."

"कचेरीत उभं केलं त्याले. साहेबानं इचारलं, गुन्हा कबूल हाये काय? त्याच येळी पाखऱ्याच्या कानावर माशी बसली. त्यानं मान हालवली. झालं!" मग तुम्ही दोन्ही हात वर केलेत. "खोटं बोलत असन तं हे बैल अठीच बसतीन."

बैल कधीच बसले नाहीत. तुमच्या प्रत्येक थापेच्या शेवटी ही शपथ असे, आणि प्रत्येक वेळी मी नकळत बैलांच्या पायांकडे पाही. एवढा शिकलेला माणूस मी.

नांदुऱ्यापासून मलकापूरपर्यंत तुमच्या जोडीने मेलगाडीशी शर्यत लावली आणि गार्डने हिरवा बावटा बैलांना दाखवला, यावर मात्र आपला वाद मिटायचा राहिला. मी म्हणायचो, रुळांच्या कडेने दमणी जाईल अशी वाटच नाही. तुम्ही म्हणायचात, "व्हती. हारल्यावर रेल्वेनं लाजेनं बुजवून टाकली." आजही मी ते मानत नाही. पण परवा नांदुऱ्याला गाडीतून जाताना रुळांच्या कडेला पाहत बसलो होतो आणि डोळे भरून आले, शेजारच्या माणसाने कोळशाचा कण गेला काय म्हणून विचारलं.

एक गोष्ट पुस्तकात मुद्दाम घातली नाही. माझी बहीण बाळंतपणात गेली, तो निरोप आला तेव्हा मी तुमच्याच दमणीत बसलो होतो. तुम्हाला ठाऊक होतं. तरी गाव सोडताच तुम्ही कसलीशी गोष्ट काढलीत आणि हुंकार मागितलात. मला संताप आला. मी म्हणालो, "उकंडाजी, आज नको." तुम्ही बैल थांबवलेत. मला तर पोचायचं होतं. मग मी रडत रडत हूं म्हणालो, आणि अख्खा घाट हूं हूं करत चढलो. गोष्ट काय होती ते आठवत नाही. पण त्या दिवशी तुम्ही मला माझ्या मनाशी एकटं बसू दिलं नाहीत. बहिणीच्या दारात उतरलो तेव्हा माझ्या पायांत उभं राहण्याइतकं बळ होतं, ते तुमच्यामुळे. हे मी लिहिलं नाही, कारण त्यात मी रडत होतो. चरित्रकाराने रडू नये, अशी तेव्हा माझी समजूत होती. तुमचे आभारही मी कधी मानले नाहीत, ते आज मानतो.

पुस्तक लिहायची खोड माझीच. वऱ्हाडातला सर्वांत मोठा थापाड्या, घाटावर आणि घाटाखाली ज्याच्या नावाने लोक पोरांना दटावतात, "उकंड्यावानी बोलू नोको", त्याचं चरित्र कोणी लिहीत नाही म्हणजे काय? तुम्हाला पहिलं प्रकरण वाचून दाखवलं तो दिवस आठवतो. मी तुमच्या साऱ्या गोष्टी शुद्ध करून घेतल्या होत्या. नागपूरच्या शाळाखात्याला पसंत पडेल अशी भाषा. 'तत्क्षणी वृषभाने मान हालविली.' तुम्ही मन लावून ऐकलंत, आणि मग खरोखरच न समजून विचारलंत, "मास्तर, हे कोन बोलून राह्यलं?"

मी हसलो. 'चरित्रनायकाचा भाबडेपणा' म्हणून तेही टिपून घेतलं.

पुस्तक निघालं आणि पाहता पाहता घरोघरी गेलं. शेगावच्या दुकानांत लाह्या-बत्ताशांच्या शेजारी ते टांगलेलं असे. शाळाखात्याच्या डिपोटीसाहेबांनी भाषेची तारीफ केली. मी रस्त्याने जाताना लोक बोट दाखवत. तुमचं काय झालं, हे मी पाहिलं नाही. पाहिलं, पण मनावर घेतलं नाही. तुमच्या दमणीत बसणारे आता पुस्तक घेऊन बसायचे. तुम्ही सांगायला लागलात की पानं चाळायचे. "उकंडाजी, पुस्तकात चार गावं आहेत, तुम्ही सात म्हणालात." तुमची गोष्ट दर वेळी नवी असायची, त्या दिवशीच्या माणसाच्या मापाची. ती मी एका जागी खिळे मारून ठोकली होती, आणि तुम्हाला तर वाचताही येत नव्हतं. आपल्याच गोष्टीत तुम्ही चुकायला लागलात.

आता नववं प्रकरण.

त्या दुपारी आपण घाट उतरत होतो. ऊन उतरलं होतं. तुम्ही आपणहून सुरुवात केलीत. त्या दिवशी हुंकार मागितला नाहीत. हे माझ्या लक्षात आलं होतं, पण मला वाटलं, ही सांगण्याची नवी तऱ्हा असेल.

"एक पोट्टी व्हती, मास्तर. मरीनं धरली तिले. हागून-ओकून आंगातलं पानी सरलं. बुलढान्याचा डॉक्टर मरीच्या फिरतीवर. कोनी म्हने, मलकापुरात रेल्वेचा डॉक्टर हाये, सुई टोचून मिठाचं पानी आंगात घालते, मानूस उठून बसते. पाहाटे बैल जुपले. पोट्टीले झोप लागली तं गेली, असं सारे म्हनत. म्हनून गोष्ट सांगत निंघालो. ते मांगून हूं म्हने, मी पुढं सांगो. घाट उतरला. मोताळं गेलं. नळगंगेच्या पान्यात बैल उतरवले, तठी बी हूं म्हनली. दवाखान्यासमोर गाडी उभी केली. डॉक्टरनं हात लावला. म्हने, हे तं केव्हाच गेली, आंग लाकूड झालं, घाटातच गेली असन. म्या म्हनलं, असं कसं साहेब, आत्ता नदीत हूं म्हनली ना." तुम्ही थांबलात. "त्यानं माह्याकडं पाह्यलं. तुमी पाहून राह्यले ना आता, तसंच."

मी कसा पाहत होतो कोण जाणे. मी म्हणालो, "वा! ही तर भुताची निघाली. इतके दिवस का लपवून ठेवली?"

तुम्ही म्हणालात, "खरं हाये, मास्तर." बैल बसण्याची शपथ घेतली नाहीत. मी त्यांच्या पायांकडेही पाहिलं नाही. मी खिशातली वही काढत होतो.

प्रकरणाला मी नाव दिलं 'मढ्याचा हुंकार'. गोष्ट फार लहान वाटली म्हणून वाढवली. मेलेली पोर गोष्टीत चुका काढते, अमुक राहिलं, तमुक राहिलं म्हणते, हे माझं. डॉक्टर टोपी टाकून प्लॅटफॉर्मवरून पळत सुटतो आणि चालत्या मालगाडीत चढतो, हेही माझं. सबंध पुस्तकात माझ्या पदरच्या थापा एवढ्याच, आणि त्या नेमक्या तिथे पडल्या.

मग वाचनालयात तुमचा सत्कार झाला. तुम्हाला खुर्चीवर बसवलं, गळ्यात झेंडूचा हार घातला. काय वाचू, असं मी विचारताच लोक ओरडले, "नववं! नववं!" मी आवाज बदलून वाचलं. पोरीचा आवाज काढला. लोक पोट धरून हसले, आणि मागच्या बाकांवरून दर वाक्याला 'हूं, हूं' यायला लागलं. तुम्ही उठलात. हार काढून खुर्चीवर ठेवलात, अगदी नीट, पाकळी पडू न देता. आणि दाराने बाहेर गेलात. अध्यक्ष मला म्हणाले, "बैलं पाहाले गेले असतीन." मीही तेच म्हणालो आणि पुढे वाचत राहिलो.

त्यानंतर तुम्ही मला दमणीत घेतलं नाहीत. रस्त्याने पोरंसोरं तुम्हाला पाहून 'हूं' करायची. माणसंही करायची. तुम्ही गोष्टी सांगणं सोडलंत. त्याच सुमारास मोटारी सुरू झाल्या होत्या, तेव्हा लोक म्हणाले, मोटारीने उकंडाजीचं तोंड बंद केलं. मलाही हे कारण सोयीचं होतं.

एकदाच आपण बोललो, तुम्ही जाण्याच्या अकरा महिने आधी, मोताळ्याच्या विहिरीपाशी. तुम्ही बैलांना पाणी पाजत होता. दमणीत माणसं नव्हती, सरकीची पोती होती. मी मोटारीतून उतरून तुमच्याकडे आलो आणि हसत म्हणालो, "रागावलात काय उकंडाजी?"

तुम्ही म्हणालात, "खरं-खोटं निवडाले बसले ना मास्तर, तं नीट निवडा लागत व्हतं."

"मग तुम्ही सांगा कोणतं खरं."

"आता सांगून काय? तुमी छापलं."

मला ते लागलं. मोटारीतले लोक पाहत होते. तेव्हा मी जे बोललो ते शब्दाला शब्द इथे लिहितो, कारण ते मला कुठेच टाकता येत नाही. मी म्हणालो, "जन्मभर थापा मारणाऱ्याने एक दिवस खरं सांगितलं, तर ऐकणाऱ्याने ते ओळखायचं कशावरून? ही चूक माझी नव्हे."

तुम्ही बादली विहिरीच्या काठावर पालथी ठेवलीत. म्हणालात, "हाव. बरोबर हाये तुमचं." आणि बैल जुपलेत. तुम्ही भांडला असता तर बरं झालं असतं. माझं वाक्य चोख होतं, व्याकरणात कुठे चूक नव्हती, आणि ते एका बापाच्या तोंडावर मी मारलं होतं. तो बाप आहे, हे मला माहीत नव्हतं. ती पोर तुमची होती, हे चरित्र लिहिणाऱ्या माणसाला माहीत नव्हतं. मी तुम्हाला बैलांची वयं विचारली होती, पण मूलबाळ किती झालं, हे विचारलं नव्हतं. घरात कोणी दिसलं नाही म्हणून 'अपत्य नाही' असं लिहून मोकळा झालो होतो.

हे मला तुमच्या दहाव्यानंतर कळलं. मी तुमच्या घरी गेलो तेव्हा यमुनाबाई गोठ्याच्या दाराशी बसल्या होत्या. शेजाऱ्याने बैलांना वैरण टाकली होती, ती तशीच पडली होती. मला पाहून त्या उठल्या नाहीत. "बसा मास्तर," म्हणाल्या. मी बसलो. सांत्वनाचं काही बोलायला गेलो तर त्यांनी हाताने थांबवलं.

"ते पुस्तक हाये काय संगं?"

होतं. माझ्या पिशवीत ते नेहमीच असे.

"नववं वाचा. लोक हासतात, मले ठाऊक नाई काय हाये त्यात. त्यायले इचारलं तं ते काई सांगत नव्हते."

मी टाळायला पाहिलं. म्हणालो, आज नको, पुढे कधी. त्या म्हणाल्या, "वाचा." मग मी वाचलं, उकंडाजी. तुमच्या अंगणात, तुमच्या बैलांसमोर, मी माझं ते शुद्ध मराठी वाचलं. पोरीचा आवाज काढला नाही, पण शब्द तेच होते. ती चुका काढते ते वाचलं, डॉक्टर पळतो ते वाचलं. वाचताना एकेक विनोद पुढून येताना दिसायचा आणि मला त्याच्यातून जावंच लागायचं. संपलं.

यमुनाबाई म्हणाल्या, "पोट्टीचं नाव काऊन नाई यात?"

मी म्हणालो, "मला ठाऊक नव्हतं."

"पारू. साहा वर्साची व्हती. माही व्हती ते." आणि मग, "मी बी नाई यात."

"उकंडाजींनी तुमचं नाव घेतलं नव्हतं. ते आणि पोर, एवढंच सांगितलं."

"मी व्हती ना गाडीत," त्या म्हणाल्या. "पोट्टी कोनाच्या मांडीवर व्हती मंग?"

तेव्हा मला कळायला लागलं, आणि मला ते कळून घ्यायचं नव्हतं. पण त्या थांबल्या नाहीत. त्यांनी सांगितलं ते तसंच्या तसं लिहितो. या वेळी एक शब्दही शुद्ध केलेला नाही.

"घाटाच्या अर्ध्यात गेली ते. मले हाताले समजलं. मान पडली. हे समोर बसून गोष्ट सांगून राह्यले, हूं आलं नाई तं यायनं इचारलं, 'पारू?' गाडी तं उतारावर. बैलं पाय रोवून, सारा भार त्याह्यच्या मानेवर. यायनं मांगं पाह्यलं असतं ना मास्तर, तं कासरा सोडला असता. मले ठाऊक हाये मानूस माहा. सारे दरीत गेलो असतो. तं म्या बारीक आवाजात म्हनलं, हूं."

मी विचारलं, "आणि घाट उतरल्यावर?"

"उतरल्यावर सांगन म्हनलं. मंग मनात आलं, मोताळ्यापर्यंत जाऊ द्या. यायची गोष्ट लय रंगात आली व्हती. हासून हासून सांगत व्हते, तिनं हासावं म्हनून. मंग मोताळं बी गेलं. मले बी वाटून राह्यलं का पोट्टी आयकून राह्यली. मी हूं म्हनन तोवर ते हाये, असं वाटे. मंग थांबताच नाई आलं." त्यांनी पदराने तोंड पुसलं. "दवाखान्यात डॉक्टर म्हने केव्हाच गेली, हे म्हनत आत्ता बोलली. डॉक्टरनं यायले येड्यात काढलं. सारे लोक पाहून राह्यले. मी तठीच उभी व्हती. मले तोंड उघडता आलं नाई. मंग कवाच आलं नाई."

त्या घटनेला किती वर्षं झाली, हे त्यांनी बोटांवर मोजून पाहिलं आणि सोडून दिलं. म्हणाल्या, त्याआधी तुम्ही परक्यांशी फारसं बोलतही नव्हतात. गोष्टी सांगायचात त्या फक्त पारूला. त्यानंतर मात्र दमणीत जो बसेल त्याला सांगायला लागलात, हुंकार आला नाही तर गाडी थांबवायला लागलात, आणि लोक तुम्हाला थापाड्या म्हणू लागले. एका चरित्राला यापेक्षा जास्त काय लागतं? मी दोनशे पानं लिहिली आणि यातलं एक अक्षर त्यात नाही.

मी त्यांना विचारलं, "त्यांना ठाऊक होतं का, हूं तुम्ही म्हणत होता ते?"

"नाई. असतं तं बोलले असते ना."

उकंडाजी, मला तसं वाटत नाही. तुमच्या गोष्टीत वाटेवरचा प्रत्येक माणूस यायचा, माशीसुद्धा यायची. त्या एका गोष्टीतून तुम्ही एकाच माणसाला, यमुनाबाईंना, बाहेर ठेवलंत. कुणी त्यांना काही विचारू नये, म्हणून ठेवलंत, असं मला वाटतं. तुम्हाला निदान शंका होती, आणि ती तुम्ही त्यांना कळू दिली नाहीत. त्या तुम्हाला सांगू शकल्या नाहीत, आणि तुम्ही त्यांना सांगू शकला नाहीत. पण हा माझा तर्क आहे, आणि तुमच्याबद्दल तर्क करण्यात माझा लौकिक काय, ते तुम्ही जाणता. यमुनाबाईंना मी हे बोललो नाही.

छापखानेवाले दुसरी आवृत्ती मागत आहेत. नवव्या प्रकरणामुळेच पुस्तक खपतं, असं ते म्हणतात. मी ते फाडूनच टाकणार होतो, पण यमुनाबाईंनी ते करू दिलं नाही. "राहू द्या. तिचं नाव घाला फक्त. डॉक्टर पळते ते काढा, तो कुठी पळाला नाई, त्यानं चादर देली व्हती." तेवढं करीन. गोष्ट तुमच्या तोंडची ठेवीन, तुमच्या बोलीत, जशी घाटात सांगितलीत तशी. यमुनाबाई त्यात नसतील. त्यांना तसंच हवं आहे. हे पत्र मात्र मी छापखान्यात पाठवणार नाही, ते तुमच्यासाठीच आहे.

निघताना त्यांनी मला थांबवलं. म्हणाल्या, "मास्तर, तुमी लिहिता, तं त्यायले एक लिहा. मले त्यायच्या तोंडावर सांगता नाई आलं. लिहा का, ते मी म्हनत व्हती. म्या त्यायले फसवलं, पन त्या येळी बैलं उतारावर व्हते."

म्हणून लिहितो आहे. ते हुंकार पारूचे नव्हते, यमुनाबाईंचे होते. तुम्ही खोटं बोलला नाहीत. ऐकलंत तेच सांगितलंत, आणि आधी तो डॉक्टर, मग मी, मग वाचनालय भरून लोकांनी तुम्हाला खोटं ठरवलं. त्यातल्या माझ्या वाट्याची क्षमा मागायला माझ्याकडे आता कोणी उरलेलं नाही.

काल पुन्हा गेलो होतो. त्यांनी दारातच विचारलं, "लिवलं काय?" मी म्हणालो, लिहितो आहे, संपत आलं.

मग हळूच म्हणाल्या, "रागावतीन काय हो ते मले?"

मी तुमचा चरित्रकार, तेव्हा तुमच्या वतीने उत्तर मलाच द्यावं लागलं. मी म्हणालो, "नाही रागावणार. मला ठाऊक आहे." त्यांनी मान हलवली आणि वैरण टाकायला गोठ्यात गेल्या. मला काहीच ठाऊक नव्हतं, उकंडाजी.